मेल्यानंतर चौदा वर्षांनी बांधलेला किल्ला

बाळापूरबद्दल मोबाईलवर काहीही शोधा, पहिल्या दोन मिनिटांत एक वाक्य भेटतंच. शब्द थोडेफार इकडेतिकडे असतात, पण मजकूर एकच. बाळापूरचा किल्ला औरंगजेबाचा मुलगा आझमशहा यानं १७२१ साली बांधायला घेतला आणि इलिचपूरचा नवाब इस्माईल खान यानं तो १७५७ साली पूर्ण केला. शाळेत असताना ‘माझे गाव’ या निबंधात मी हे वाक्य पहिलंच टाकलं होतं. दहापैकी दहा मिळाले. पुढे इंजिनिअरिंगला असताना गावावर एक छोटं अ‍ॅप केलं, त्यातही हेच वाक्य चिकटवलं. माझ्या आयुष्यात एवढ्या वेळा कॉपी-पेस्ट केलेलं दुसरं वाक्य नसेल.

गेल्या दिवाळीनंतर सातवीतल्या भाचीचा फोन आला. शाळेनं परिसराच्या माहितीचा प्रकल्प दिला होता.

“मामा, शाहू महाराजांना कोणी सोडलं?”

“आझमशहानं. १७०७ मध्ये.”

“आणि मंग तो त्याच वर्षी मेला ना? भावासोबतच्या लढाईत?”

“हो. आग्र्याजवळ, जाजऊला.”

“मंग त्यानं १७२१ मध्ये आपला किल्ला कसा काय बांधला?”

मी गप्प. हिंजवडीत बसून मी रोज दुसऱ्यांच्या कोडमधल्या चुका शोधतो. त्याचेच पैसे मिळतात. आणि हे वाक्य पंधरा वर्षं माझ्या डोळ्यांसमोर होतं. त्याहून वाईट म्हणजे मी तिला काय सांगितलं ते. म्हणालो, “छापलंय तेच लिही, उगाच मार्क जातील.”

फोन ठेवल्यावर त्या उत्तराची लाज वाटायला लागली. हा लेख त्यातूनच आलाय. त्यात बाळापूरचा इतिहास आणि भूगोल येईल, पण मला बोलायचंय ते मुख्यतः ‘गावाची माहिती’ नावाच्या साहित्यप्रकाराबद्दल. कविता-कादंबरीची समीक्षा आपण करतो. गावाबद्दलच्या परिच्छेदाची कोणी करत नाही. खरं तर आपल्यापैकी बहुतेकांनी आपल्या गावाबद्दल छापील असं तेवढंच वाचलेलं असतं.

आधी या प्रकाराची वंशावळ पाहू. अकबरानं १५९६ च्या सुमारास वऱ्हाड घेतलं. अबुल फजलच्या ‘ऐन-इ-अकबरी’त वऱ्हाड सुभ्याचे परगणे आकड्यांसकट नोंदवलेले आहेत, आणि नरनाळा सरकारातल्या श्रीमंत परगण्यांत बाळापूर येतं. १८५३ साली निजामानं वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिलं. १८७० मध्ये आल्फ्रेड लायल यानं वऱ्हाडचं पहिलं गॅझेटिअर संपादित केलं. १९१० मध्ये ब्राउन आणि नेल्सन यांनी संपादित केलेलं अकोला जिल्ह्याचं स्वतंत्र गॅझेटिअर आलं. स्वातंत्र्यानंतर महाराष्ट्र सरकारनं १९७७ मध्ये नवी आवृत्ती काढली. पर्यटनाच्या पाट्या, स्पर्धा परीक्षांची पुस्तकं, कोशातल्या नोंदी आणि आपला व्हॉट्सअ‍ॅप ही सगळी या घराण्याची पुढची पिढी.

घराण्याचा मूळ धंदा लक्षात ठेवायला हवा. अबुल फजलला महसूल हवा होता. इंग्रज अधिकाऱ्याला महसूल, कापूस आणि बंदोबस्त हवा होता. बदलून आलेल्या साहेबानं घोड्यावरून उतरायच्या आधी गावाची पुरेशी ओळख करून घ्यावी, यासाठी ती नोंद होती. म्हणून तिचे रकाने ठरलेले असतात. स्थान, नद्या, लोकसंख्या, किल्ला, मंदिर, मशीद, आठवडी बाजार, जवळचं रेल्वे स्टेशन. आमच्या भाषेत सांगायचं तर हा डेटाबेसचा तक्ता आहे. गाव कोणतंही असो, रकाने तेच.

ऑफिसात आमच्या प्रोजेक्टवर एक स्लोवाक सहकारी आहे. त्याला हे सगळं सांगितलं तेव्हा तो हसला. त्यांच्याकडे डोंगरातल्या प्रत्येक चिमुकल्या गावाची माहिती एकाच साच्यातून निघते. गावाचा पहिला लेखी उल्लेख अमुक साली, उंची इतके मीटर, क्षेत्रफळ इतकं. पहिल्या उल्लेखाचं साल हाच गावाचा वाढदिवस. त्याची शंभरी, पाचशेवी साजरी होते. त्यानं उदाहरण दिलं व्ल्कोलिनेत्सचं. रुझोम्बेरोक शहराच्या वर डोंगरात वसलेलं, लाकडी ओंडक्यांच्या घरांचं हे गाव १९९३ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. नाव लांडग्यावरून आलेलं, पहिला लेखी उल्लेख १३७६ चा. मी त्याला विचारलं, “१३७५ मध्ये तिथे कोण राहत होतं?” तो म्हणाला, “हेच लोक. फक्त कोणी लिहून घेतलं नव्हतं.”

तेव्हा पहिली तक्रार ही की या साच्यात गाव जन्मतं ते कारकुनाची लेखणी लागल्यावर. त्याआधी माणसं शेती करत होती, नदीवर पाणी भरत होती, मरत होती, त्याला रकाना नाही.

पण या प्रकाराला सरसकट झोडपणं अन्यायाचं होईल. त्याची एक बाजू मला मनापासून आवडते. तो मोजतो. बाळापूरच्या किल्ल्याचं सगळ्यात चांगलं वर्णन मला एखाद्या ललित लेखात मिळालं नाही. ते या कोरड्या परंपरेतच मिळालं. आतला कोट पंचकोनी, प्रत्येक कोपऱ्याला बुरूज. त्याबाहेरचा कोट दशकोनी, त्यालाही कोपऱ्याकोपऱ्याला बुरूज. एकाच्या आत एक असे दरवाजे. विटांचं उत्तम काम. मी त्या किल्ल्यावर क्रिकेट खेळलोय, पतंग उडवलेत, पण बाहेरच्या कोटाला दहा कोन आहेत हे मला वाचूनच कळलं. ‘आमचा किल्ला लय भारी’ असं म्हणणाऱ्या रीलपेक्षा हे एक वाक्य किल्ल्याचा जास्त मान राखतं.

म्हणूनच १७२१ चं वाक्य बोचतं. जो प्रकार मोजण्यावर जगतो, त्यानं एक वजाबाकी करायला हवी होती.

औरंगजेब ३ मार्च १७०७ ला अहमदनगरजवळ वारला. आझमशहानं स्वतःला बादशहा जाहीर केलं आणि तो उत्तरेकडे निघाला. वाटेत शाहू महाराजांची सुटका झाली. जूनमध्ये जाजऊच्या लढाईत भाऊ मुअज्जमच्या फौजेनं त्याला मारलं. औरंगाबादेत आईसाठी मकबरा उभारणारा आझमशहा तो हाच. १७२१ साली त्याला जाऊन चौदा वर्षं झाली होती. यातली एकही गोष्ट गुप्त नाही. सातवीच्या मुलीला ठाऊक आहे. चूक टिकली याचं कारण एकच. शहजादा इतिहासाच्या पुस्तकात होता, किल्ला ‘स्थानिक माहिती’त होता, आणि दोन्ही पुस्तकं एका टेबलावर कोणी उघडली नाहीत.

चूक झाली कशी असेल? माझा अंदाज आहे की इथे तीन वेगळ्या गोष्टी एकावर एक पडल्या. शहजाद्याच्या काळातलं इथलं मोगली ठाणं ही एक. त्याच्या मरणानंतर गावाजवळ झालेली मोठी लढाई ही दुसरी. पन्नासच्या दशकातलं इलिचपूरच्या नवाबाचं पक्कं बांधकाम ही तिसरी. सांगता सांगता एकाचं नाव, दुसऱ्याचा काळ आणि तिसऱ्याचा किल्ला यांचं एक गुळगुळीत वाक्य झालं. गुळगुळीत वाक्याला कोणी अडत नाही, म्हणून ते लांब जातं. अंदाज चुकला असेल तरी हरकत नाही. वजाबाकी मात्र चुकत नाही.

ती मधली लढाई मात्र खरोखर मोठी आहे, आणि आपल्या दहा ओळींच्या माहितीत तिला बहुतेक वेळा अर्धी ओळही मिळत नाही. दिल्लीत सय्यद बंधूंचं राज्य चालू होतं. माळव्यातून निजामुल्मुल्क बंड करून दक्षिणेत उतरला. त्याच्यावर सय्यदांचा पुतण्या आलमअली खान चालून गेला. बाळाजी विश्वनाथ पेशव्यानं सय्यदांशी केलेल्या करारामुळे मराठी फौजा आलमअलीच्या बाजूनं होत्या. ऑगस्ट १७२० मध्ये दोन्ही सैन्यं बाळापूरजवळ भिडली. आलमअली मारला गेला, निजाम जिंकला. चार वर्षांनी, ऑक्टोबर १७२४ मध्ये, त्यानं बुलढाणा जिल्ह्यातल्या साखरखेर्ड्याला मुबारिझ खानाला हरवलं आणि दख्खन त्याची झाली. हैदराबादच्या निजामशाहीच्या पायाचे दोन मोठे दगड वऱ्हाडच्या काळ्या मातीत आहेत. हरलेल्या बाजूला दमाजी गायकवाड नावाचा एक सरदार होता. खंडेराव दाभाड्यांच्या हाताखाली लढताना त्यानं इथे जो पराक्रम केला, त्याबद्दल शाहू महाराजांकडून त्याला ‘समशेर बहादूर’ हा किताब मिळाला. बडोद्याच्या गायकवाडांची चढती कमान इथून सुरू होते. बडोद्याचा राजवाडा बघायला आपण रांग लावतो. बाळापूरला बस दहा मिनिटं थांबते, चहा पिऊन लोक खामगावकडे निघतात.

दुसरी आणि मोठी तक्रार इथून सुरू होते. ही लढाई महिन्याशिवाय समजत नाही. ऑगस्ट म्हणजे आपला श्रावण. पूर्णा दुथडी भरून वाहत होती. उतार सापडेपर्यंत सैन्यं नदीकाठी अडकून पडली. पार झाल्यावर पुढे काय, तर चिखल. ज्यांनी वऱ्हाडातली काळी माती पावसात पाहिली नाही त्यांना हे सांगून कळायचं नाही. चप्पल घालून वावरात गेलात तर परत येताना पायात चप्पल आणि चपलेखाली दोन किलो वावर असतं. त्यात हत्ती, तोफा, बैल, रसदीचे गाडे. लढाईआधीचे कित्येक दिवस दोन्हीकडचे लोक पावसाशी, चिखलाशी आणि उपासमारीशी लढत होते.

आता आपल्या माहितीचा साचा आठवा. ‘भूगोल’ या मथळ्याखाली येतं की बाळापूर हे मन आणि म्हैस या नद्यांच्या संगमावर वसलेलं आहे. पूर्णविराम. मग ‘इतिहास’ हा मथळा, त्याखाली राजे आणि सालं. शाळेतही आपल्या वह्या वेगळ्या होत्या, इतिहासाची एक आणि भूगोलाची एक. बाळापूर त्या दोन वह्यांच्या मधल्या फटीत पडतं.

वह्या एकत्र ठेवून बघा. मन आणि म्हैस (कागदोपत्री हिला महेश असंही म्हणतात) दक्षिणेच्या पठारावरून उतरून पूर्णेकडे, म्हणजे उत्तरेकडे वाहतात. दोन नद्यांमधल्या उंच जमिनीवर किल्ला. जुन्या वर्णनात असं येतं की पावसाळ्यात एक जागा सोडली तर किल्ल्याला चहूबाजूंनी पाण्याचा वेढा पडे. बांधणाऱ्याला खंदक खणायची गरज कमी होती, नद्यांनीच खणून दिला होता. पायथ्याशी दक्षिणेला बाळादेवीचं मंदिर आहे आणि गावाचं नाव तिच्यावरून पडलं असं सांगतात. वर ठाणं, खाली देवी, भोवती पाणी. गाव इथेच का, या प्रश्नाचं उत्तर ‘संगमावर वसलेलं आहे’ या वाक्यात दडलेलं असतं, पण ते बाहेर काढायची तसदी कोणी घेत नाही.

छत्रीचंही तसंच. नदीकाठची काळ्या दगडाची देखणी छत्री मिर्झाराजे जयसिंगांची म्हणून ओळखली जाते. १६६५ चा पुरंदरचा तह केला ते हेच. आंबेरच्या राजाची छत्री आमच्या गावात कशाला? नकाशा उघडला की कळतं. उत्तरेतून दख्खनेत उतरायचा मोगलांचा दरवाजा बऱ्हाणपूर होता, आणि दख्खनेतून परतताना १६६७ साली मिर्झाराजे वारले तेही बऱ्हाणपुरातच. बाळापूर त्या दरवाज्याच्या आतल्या अंगणात येतं. अकबराचा मुलगा मुराद यानंही याच टापूत तळ ठोकला होता. पुढे निजामाच्या काळात इलिचपूर, म्हणजे आजचं अचलपूर, आणि बाळापूर ही वऱ्हाडातली मोठी लष्करी ठाणी होती. म्हणजे छत्री, छावणी, किल्ला आणि लढाई या चार वेगळ्या ‘प्रेक्षणीय’ गोष्टी नाहीत. एका रस्त्याची ती चार वळणं आहेत.

रस्ता सरकला तेव्हा गावही बदललं. १८६७ मध्ये रेल्वे भुसावळहून नागपूरपर्यंत पोचली. ती बाळापुरातून गेली नाही. उत्तरेला काही किलोमीटरवर पारसला स्टेशन झालं. कापसाचा जमाना होता, गाठी जिथे रेल्वे तिथे गेल्या. अकोला वाढलं, खामगाव वाढलं. हातकागदासाठी आणि पागोट्यांसाठी एकेकाळी नाव असलेलं बाळापूर तालुक्याचं गाव होऊन राहिलं. आता पारसला औष्णिक वीज केंद्र आहे आणि आमच्या गच्चीवरून त्याची चिमणी दिसते. लहानपणी मला तीच गावाची सगळ्यात मोठी ओळख वाटायची.

आणि पाणी. पूर्णेच्या खोऱ्यात अमरावती, अकोला, बुलढाणा या तीन जिल्ह्यांतून खारपाणपट्टा जातो. गाळाच्या जाड थरांत क्षार साठलेले, विहीर खणली तर खारट पाणी. तालुक्यातली कित्येक गावं त्यात आहेत. आजी म्हणायची, “पोरगी देतानी घर नोको पाहू, विहीर पाय.” लग्नं कुठे जुळली, कोणत्या गावाला माणसं टिकली, कोणती पिकं घेतली, हा सगळा इतिहास खारपाण्यानं लिहिलाय. पण कोणत्याही ‘इतिहास’ मथळ्याखाली तो सापडत नाही, कारण त्यात राजा नाही.

तिसरी तक्रार जरा नाजूक आहे. साच्यातला शेवटचा भाग असतो ‘प्रेक्षणीय स्थळे’. एकाखाली एक बिंदू देऊन किल्ला, छत्री, बाळादेवी, नक्शबंदी खानकाह. प्रत्येकाला सारखी एक ओळ, एकाचा दुसऱ्याशी संबंध नाही. दिसायला हे निःपक्षपाती वाटतं. प्रत्यक्षात हे तुकडे सुटे असल्यामुळे ज्याला जो हवा तो उचलता येतो. आमच्या शाळेच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक जण फक्त देवीचा बिंदू पुढे पाठवतो, दुसरा फक्त खानकाहचा. दोघं एकाच बाकावर बसायचे. दोघांचीही माहिती खरी आहे आणि दोघांचंही गाव अर्धं आहे. किल्ला आणि देवी यांच्यातलं अंतर आम्ही रोज पायी तुडवायचो. परिच्छेदात ते दोन बिंदूंमधल्या कोऱ्या जागेत हरवतं, आणि गाव तर त्या कोऱ्या जागेतच राहतं.

याला उतारा म्हणून मला आठवतं ते दासगणू महाराजांच्या ‘गजानन विजय’ पोथीतलं बाळापूर. बाळकृष्णबुवा नावाचे रामदासी आणि त्यांची बायको पुतळाबाई दरवर्षी इथून पायी सज्जनगडला जात, ही कथा वऱ्हाडातल्या घराघरात माहीत आहे. इतिहास म्हणून पोथी वाचू नये, हे मान्य. पण तिथे बाळापूर म्हणजे एक घर आहे, त्यात म्हातारपण आहे आणि यंदा पाय चालतील की नाही ही काळजी आहे. गॅझेटिअरमध्ये बाळापूरला कोण कोण आलं ते कळतं. बाळापुरातून कोण कुठे गेलं, हे पोथीत कळतं. मला गावाच्या माहितीत दोन्ही हवंय. पहिल्याची मोजपट्टी आणि दुसऱ्यातली माणसं.

फार मोठी मागणी नाही ही. माहिती लिहिणाऱ्यानं तीन प्रश्न विचारावेत. हे कोणी आणि कशासाठी लिहून ठेवलं होतं? हे इथेच का घडलं? आणि या दोन गोष्टींचा एकमेकींशी काय संबंध? तिन्हींची उत्तरं नसतील तर तसं सांगून वाक्य अर्धं सोडावं. अर्धं वाक्य पुढचा माणूस पूर्ण करू शकतो. गुळगुळीत चुकीचं वाक्य तो फक्त पुढे पाठवतो, जसं मी पंधरा वर्षं पाठवलं.

मी भाचीला परत फोन केला. म्हटलं, “मी सांगितलेलं खोड. तुला जे सापडलं ते लिही.” ती म्हणाली, “मी आधीच लिहिलं. तू म्हणशील म्हणून थोडी थांबणार होती.” तिनं वहीचा फोटो पाठवला. किल्ला आझमशहानं १७२१ मध्ये बांधायला घेतला असं सगळीकडे लिहिलेलं आहे, पण तो १७०७ मध्येच मारला गेला होता, म्हणून हे बरोबर नसावं, असं तिनं सरळ लिहिलं होतं. खाली तिची आणखी एक ओळ होती, मोठा पूर आला की किल्ला बेटासारखा दिसतो आणि एकाच बाजूनं वाट उरते. माहितीचा स्रोत या रकान्यात लिहिलं होतं: आमचे आबाजी, वय ८१.

मी विचारलं, “आबाजींनी खरंच पाहिलंय का, की ऐकलंय?”

तिकडून फोनवर आबाजीच आले. “पायलं ना बाप्पा. लहान होतो तवा. पण कोन्त्या बाजूनं वाट होती ते आता नाई आठवत.”

नकाशात मलाही ती बाजू नक्की करता आलेली नाही. जुलैत सुट्टी टाकलीय. मनेला पाणी आलं की आम्ही तिघं जाऊन बघणार आहोत.